बूलसाहेबांचा खापरपणतू

मंडळी, मागच्या लेखात कृत्रिम बुद्धिमत्तेविषयी दोन ओळी सहज लिहून गेले, आणि अमेरिकेतल्या भाच्याचा लगेच निरोप आला, "मावशी, हिंटनबद्दल लिही, तुला आवडेल." मी जन्मभर शाळेत इतिहास आणि मराठी शिकवलं. गणिताच्या तासाला वर्गाच्या दारातूनसुद्धा जपून जाणारी मी! पण भाच्याला माझी नस बरोबर ठाऊक आहे. मला शास्त्रापेक्षा शास्त्रज्ञांच्या घरातल्या गोष्टी जास्त आवडतात, आणि या माणसाच्या घराण्यात अशा गोष्टींची पोतीच्या पोती भरलेली आहेत.

या गृहस्थांचं पूर्ण नाव जेफ्री एव्हरेस्ट हिंटन. जन्म ६ डिसेंबर १९४७, लंडनजवळच्या विंबल्डनचा. मधलं 'एव्हरेस्ट' हौसेनं लावलेलं नाही, ते शिखराच्या घरातूनच आलेलं आहे. म्हणजे असं, की ज्यांच्या नावावरून शिखराला नाव पडलं ते सर जॉर्ज एव्हरेस्ट. (त्या घराण्यात आडनावाचा उच्चार 'ईव्ह-रेस्ट' असा करतात म्हणे. आपण सगळ्या जगानं मिळून तो बिघडवला!) त्यांची पुतणी मेरी हिचं लग्न झालं जॉर्ज बूल या गणितज्ञाशी. इंग्रजी पुस्तकांत नुसतं 'अंकल' लिहिलेलं असतं, त्यामुळे काका की मामा हे आडनावावरून ताडावं लागतं. मेरी माहेरची एव्हरेस्ट, म्हणजे सख्खे काका. बूल दांपत्याला पाच मुली. थोरली मेरी एलन, तिचा मुलगा जॉर्ज, त्याचा मुलगा हॉवर्ड, आणि हॉवर्डचा मुलगा आपला जेफ्री. मुलगी, नातू, पणतू, खापरपणतू. झाला हिशेब.

आता वर्ध्याकडच्या वाचकांसाठी थोडं विषयांतर करते. एव्हरेस्ट ज्यांच्या हाताखाली काम करत होते ते विल्यम लॅम्बटन, भारताच्या त्रिकोणमितीय सर्वेक्षणाचे जनक, २० जानेवारी १८२३ रोजी आपल्या हिंगणघाटला वारले. दक्षिणेकडून मोजत मोजत इथवर आले होते बिचारे. त्यांच्या पश्चात ते काम एव्हरेस्ट यांच्या गळ्यात पडलं आणि पुढे हिमालयापर्यंत गेलं. शिखराची उंची ज्यांनी आकडेमोडीतून काढली ते राधानाथ सिकदार मात्र नकाशावर कुठेच नाहीत. असो, तो वेगळ्या लेखाचा विषय आहे.

बूलसाहेबांविषयी मला फार आपलेपणा वाटतो, कारण ते मुळात शाळामास्तर. लिंकन गावच्या चांभाराचा मुलगा. सोळाव्या वर्षी शिक्षकी पत्करली, एकोणिसाव्या वर्षी स्वतःची शाळा काढली. पदवी नाहीच! आणि तरीही १८४९ साली आयर्लंडमधल्या कॉर्कच्या कॉलेजात प्राध्यापक झाले. १८५४ साली त्यांनी विचारांच्या नियमांवर मोठा ग्रंथ लिहिला. माणूस विचार करतो तो बीजगणितासारखा मांडता येतो, 'आणि', 'किंवा', 'नाही' या शब्दांचीसुद्धा समीकरणं होतात, अशी त्यांची कल्पना होती. पुढे तिच्याच आधारावर संगणक उभा राहिला. १८६४ साली भर पावसात चालत जाऊन ओल्या कपड्यांत त्यांनी व्याख्यान दिलं, आणि त्या दुखण्यातच गेले. वय पन्नाशीच्या आत.

मेरीबाईंनी मग पाच मुली वाढवल्या. थोरलीचा नवरा चार्ल्स हॉवर्ड हिंटन हे एक वेगळंच प्रकरण होतं. चौथ्या मितीवर पुस्तकं लिहिली, एक बायको असताना दुसरं लग्न केल्याबद्दल १८८६ साली तीन दिवस तुरुंगात काढले, जपानला गेले, मग अमेरिकेत जाऊन बेसबॉलचे चेंडू बंदुकीच्या दारूनं फेकणारं यंत्र बनवलं. जेफ्रीचे वडील हॉवर्ड हे कीटकशास्त्रज्ञ, रॉयल सोसायटीचे सदस्य. मुलाला म्हणत, की तू कष्ट केलेस तर माझ्या दुप्पट वयाचा होशील तेव्हा कदाचित माझ्या निम्मा होशील. आपल्याकडेही असे वडील काही कमी नव्हते, पण त्यांच्यापाशी रॉयल सोसायटी नव्हती एवढंच.

अशा घरातल्या मुलाला कुठल्या विषयाला बसवायचं? केंब्रिजला गेल्यावर जेफ्री शरीरशास्त्र, पदार्थविज्ञान, तत्त्वज्ञान असं करत करत शेवटी प्रायोगिक मानसशास्त्रात आला आणि १९७० साली पदवीधर झाला. त्याला एकच गोष्ट हवी होती: मेंदू काम कसं करतो? कुठलाच विषय धड सांगेना. तेव्हा पुढचं वर्षभर त्यानं चक्क सुतारकाम केलं. मग १९७२ साली एडिंबराला कृत्रिम बुद्धिमत्तेत पीएच.डी. करायला गेला. आपल्याकडे सुतारकीहून पीएच.डी.ला निघालेल्या मुलाला कोण प्रवेश देतंय!

आता इथे थोडा मागचा इतिहास सांगायला हवा, नाहीतर पुढचं सगळं निरर्थक वाटेल. मेंदूत पेशी असतात, त्या एकमेकींना जोडलेल्या असतात, आणि शिकणं म्हणजे या जोडण्या घट्ट किंवा सैल होणं. याच तत्त्वावर फ्रँक रोझेनब्लॅट या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं १९५८ च्या सुमारास 'परसेप्ट्रॉन' नावाचं यंत्र मांडलं. वर्तमानपत्रांनी डोक्यावर घेतलं. पण १९६९ साली मार्विन मिन्स्की आणि सेमूर पॅपर्ट या दोघांनी एक पुस्तक लिहून गणितानं दाखवून दिलं, की एकाच थराच्या परसेप्ट्रॉनला अगदी साध्या गोष्टीही जमत नाहीत. उदाहरणार्थ, 'दोघांपैकी एकच, दोघंही नाहीत'. आपण मुलांना म्हणतो ना, लाडू घे नाहीतर चिवडा घे, दोन्ही मिळणार नाही. हे त्या यंत्राला शिकता येत नव्हतं! गंमत पाहा, ही अडचण बूलसाहेबांच्याच अंगणातली, 'किंवा' या शब्दाची. मिन्स्की आणि रोझेनब्लॅट न्यूयॉर्कच्या एकाच शाळेत मागेपुढे शिकलेले. रोझेनब्लॅट १९७१ साली आपल्या त्रेचाळिसाव्या वाढदिवशी नौका अपघातात गेला. त्याच्या बाजूनं बोलणारं मग फारसं कुणी उरलं नाही.

तर १९७२ साली, जेव्हा शहाणी माणसं या वाटेवरून परत फिरली होती, तेव्हा हा मुलगा त्या वाटेला लागला. एडिंबराचे त्याचे मार्गदर्शक क्रिस्टोफर लाँगेट-हिगिन्स मोठे विद्वान, मूळचे रसायनशास्त्रज्ञ. 'कॉग्निटिव्ह सायन्स' हा शब्दप्रयोग १९७३ साली त्यांनीच रूढ केला. आपल्याकडे बोधनशास्त्र म्हणतात, संज्ञानशास्त्रही म्हणतात. मानसशास्त्र, भाषाशास्त्र, मेंदूविज्ञान आणि संगणक यांची पंगत एका ओळीत बसवली की जे होतं ते. पण गुरुजींचं मत तोवर बदललं होतं. विचार म्हणजे चिन्हांची तर्कशुद्ध मांडामांड, जोडण्या-बिडण्या नव्हेत, असं ते मानू लागले होते. म्हणजे गुरू बूलच्या बाजूचे आणि बूलचा खापरपणतू विरुद्ध बाजूला! दर आठवड्याला वाद व्हायचा. हिंटन सांगतात, की मी दर वेळी आणखी सहा महिने मागून घ्यायचो. मला यात खरं कौतुक गुरुजींचं वाटतं. विद्यार्थी चुकतोय असं मनापासून वाटत असताना त्याला त्याच्या वाटेनं जाऊ देणं किती कठीण असतं, ते खडू हातात धरलेल्या माणसालाच कळतं. त्याच १९७३ साली ब्रिटिश सरकारसाठी लाइटहिल यांनी एक अहवाल दिला आणि कृत्रिम बुद्धिमत्तेच्या संशोधनाचा पैसा आटला. १९७८ साली पीएच.डी. मिळाली, पण इंग्लंडात मनासारखी नोकरी मिळेना. मग गडी कॅलिफोर्नियात सॅन डिएगोला गेला.

तिथे त्याला डेव्हिड रुमेलहार्ट भेटले, हेही मानसशास्त्रज्ञच. आणि इथे माझ्या कथेतला सगळ्यात आवडता भाग येतो.

परसेप्ट्रॉनचा दोष घालवायचा तर एकाऐवजी अनेक थर हवेत, हे सगळ्यांना ठाऊक होतं. पण मधल्या थरांना शिकवायचं कसं? उत्तर चुकलं तर दोष कुणाचा, हे ठरवायचं कसं? समजा पंगतीत आमटी खारट झाली. पानावरचा पाहुणा तोंड वाकडं करतो, पण त्याला फक्त वाढपी दिसतो. वाढप्यानं आत जाऊन सांगायचं, आचाऱ्यानं आठवायचं, की मीठ मी टाकलं, शिवाय मदतनिसानंही टाकलं, आणि चिंच कमी पडली. मग ज्याचा जेवढा वाटा त्यानं पुढच्या पंगतीला तेवढाच हात आवरायचा. चूक शेवटाकडून सुरुवातीकडे अशी मागे मागे नेत वाटून द्यायची. इंग्रजीत याला 'बॅकप्रोपगेशन' म्हणतात. हजारो पंगती उठल्या की आमटी जमते!

ही युक्ती यांनीच पहिल्यांदा शोधली असं मात्र नाही. फिनलंडच्या लिनैनमा यांनी १९७० साली तिचं गणित मांडलं होतं आणि अमेरिकेत वर्बोस यांनी १९७४ च्या प्रबंधात. हिंटन स्वतःही श्रेय रुमेलहार्टना देतात. पण १९८६ साली रुमेलहार्ट, हिंटन आणि विल्यम्स या तिघांनी 'नेचर'मध्ये जो छोटासा लेख लिहिला, त्यानं जगाला पटवलं, की या युक्तीनं यंत्र आतल्या आत काहीतरी समजून घेतं.

आणि पटवायला उदाहरण कोणतं घेतलं असेल? नातेवाईकांचं! दोन कुटुंबं, एक इंग्रज आणि एक इटालियन, प्रत्येकी बारा माणसं. आई, वडील, नवरा, बायको, मुलगा, मुलगी, भाऊ, बहीण, अंकल, आंट, भाचा-पुतण्या, भाची-पुतणी अशी बारा नाती. अमक्याची आंट कोण, तमक्याचा मुलगा कोण, अशी एकूण १०४ विधानं होत होती. त्यातली १०० यंत्राला पुन्हा पुन्हा दाखवली आणि चार झाकून ठेवली. शिकून झाल्यावर झाकलेल्या चारांची उत्तरंही यंत्रानं बरोबर दिली. पण त्याहून मोठी गोष्ट अशी, की आतल्या थरात डोकावल्यावर दिसलं, की एका पेशीनं माणूस इंग्रज की इटालियन हे धरलं होतं, दुसरीनं तो कुठल्या पिढीतला हे, आणखी एकीनं घराण्याच्या कुठल्या फांदीवरचा हे. पिढी नावाची गोष्ट असते हे त्याला कुणीही सांगितलं नव्हतं! दिली होती ती नुसती नावं.

हे वाचलं तेव्हा मी पुस्तक बाजूला ठेवून थोडा वेळ गप्प बसले. आपल्या घरातलं दोन वर्षांचं पोर काका, मामा, आत्या, मावशी कसं शिकतं? कुणी व्याख्या सांगतो का, की वडिलांची बहीण ती आत्या? पोरगं नुसतं ऐकत राहतं, आत्याला मावशी म्हणालं की सगळे हसतात, आणि कधीतरी आपोआप त्याच्या डोक्यात बापाकडची फांदी आणि आईकडची फांदी वेगळी होते. (इंग्रज यंत्राचं बरं, एका अंकलमध्ये काका-मामा दोघंही बसतात. मराठी घर दिलं असतं तर बिचाऱ्याला आणखी काही पंगती उठवाव्या लागल्या असत्या. आणि चुलतसासूच्या पुतण्यापर्यंत गेलो असतो तर 'नेचर'वाल्यांनी लेखच परत पाठवला असता.) मी अडतीस वर्षं व्याकरणाचे नियम आधी सांगून उदाहरणं नंतर दिली. अभ्यासक्रमच तसा होता. उदाहरणांतून नियम आपला आपण उगवतो, हे आयांना नेहमीच माहीत होतं. त्याचं गणित होऊ शकतं हे मात्र मला नवीन होतं.

बाकी कारकीर्द भराभर सांगते. १९८२ ते १९८७ पिट्सबर्गच्या कार्नेगी मेलन विद्यापीठात होते. तिथल्या काळातच टेरी सेनोव्स्की यांच्याबरोबर त्यांनी 'बोल्ट्झमन मशीन' मांडलं. त्याचा पाया जॉन हॉपफील्ड यांनी १९८२ साली घातला होता. त्या काळी अमेरिकेत या विषयाचा पैसा बराचसा संरक्षण खात्याकडून यायचा. रेगन यांची राजवट होती, आणि हिंटनना तो पैसा नको होता. म्हणून १९८७ साली ते कॅनडात टोरांटोला गेले. १९९८ ते २००१ एवढी तीन वर्षं लंडनला गॅट्सबी केंद्र उभारायला गेले, तेवढं सोडलं तर पुढे तिथेच राहिले.

आणि मग थंडी पडली. तिसऱ्यांदा म्हणा ना. संगणक दुबळे, शिकवायला उदाहरणं कमी, आणि दुसऱ्या पद्धती जास्त चांगली उत्तरं देत होत्या. न्यूरल नेटवर्क म्हटलं की परिषदांमध्ये लोक नाक मुरडायचे. घरातही सुख नव्हतं. पत्नी रोझालिंड १९९४ साली कर्करोगानं गेल्या आणि दत्तक घेतलेली दोन लहान मुलं पदरात राहिली. पाठीचं दुखणं इतकं, की २००५ पासून हा माणूस जवळजवळ बसतच नाही. उभा राहतो नाहीतर आडवा होतो. पहिलं रुमेलहार्ट पारितोषिक २००१ साली हिंटनना मिळालं, पण तोवर खुद्द रुमेलहार्टना मेंदूच्या आजारानं ग्रासलं होतं. मनाचा अभ्यास करणाऱ्याचं मनच हळूहळू पुसलं गेलं. २०११ साली ते गेले, त्यांच्या युक्तीचं पुढे काय झालं ते न पाहताच.

कारण २०१२ साली ते घडलं. 'इमेजनेट' नावाची चित्रं ओळखण्याची स्पर्धा तेव्हा होत असे. हजार प्रकारच्या वस्तू, शिकायला बारा लाख चित्रं, आणि प्रत्येक चित्रासाठी पाच अंदाज करायची मुभा. टोरांटोचे दोन विद्यार्थी अ‍ॅलेक्स क्रिझेव्हस्की आणि इल्या सुटस्केव्हर यांनी, हिंटनच्या हाताखाली, व्हिडिओ गेमसाठी बनवलेल्या दोन कार्डांवर एक जाळं शिकवलं. दुसऱ्या क्रमांकाच्या चुका होत्या २६.२ टक्के, यांच्या १५.३. परीक्षेत दुसरा आलेला ७४ वर आणि पहिला ८५ वर, अशी ही तफावत. मूळ युक्ती १९८६ चीच! बदललं काय होतं, तर संगणकाचा वेग, उदाहरणांची संख्या आणि काही बारीकसारीक सुधारणा. पुढच्याच वर्षी गूगलनं तिघांची छोटीशी कंपनी विकत घेतली. मी आज हा लेख फोनला मराठीत बोलून टंकते आहे, त्यामागेही याच जातीची जाळी आहेत.

इथे मला एक प्रश्न पडतो, तो तुमच्यापुढे ठेवते. समजा हा माणूस २००४ साली वारला असता, तर? त्याच्यावरच्या लेखात 'हट्टी' हा शब्द आला असता आणि तो वाचून आपण मान डोलावली असती. रोझेनब्लॅटचं तसंच झालं. १९७२ मध्ये जे खरं होतं तेच २०१२ मध्ये खरं होतं. मधली चाळीस वर्षं फक्त यंत्रं लहान होती. मग निष्ठा कुठली आणि हट्ट कुठला हे त्या चाळीस वर्षांत ओळखायचं कशावरून? मला तरी ओळखता आलं नसतं. टोरांटोतल्या ज्या समितीनं २००४ साली त्यांना थोडे पैसे देऊ केले, त्यांना तरी नक्की कळलं होतं की काय, कोण जाणे!

आणि हिंटनचं सगळंच बरोबर येतं असंही नाही बरं का. २०१६ साली ते म्हणाले, की एक्स-रे वाचणारे डॉक्टर तयार करणं आता बंद करा, पाच वर्षांत यंत्र हे काम त्यांच्यापेक्षा चांगलं करेल. पाच वर्षं केव्हाच होऊन गेली, डॉक्टर आहेत तिथेच आहेत. दोन वर्षांनी, २०१८ मध्ये, त्यांची पुढची पत्नी जॅकी याही कर्करोगानंच गेल्या. त्या घाईमागे नुसतं शास्त्र नव्हतं, घरातली वाट पाहणंही असावं, असं मला वाटतं.

२०१८ चा ट्युरिंग पुरस्कार त्यांना यान लकून आणि योशुआ बेंजिओ यांच्याबरोबर मिळाला. मे २०२३ मध्ये पंचाहत्तरीच्या हिंटननी गूगल सोडलं, ते यंत्रांच्या धोक्याबद्दल मोकळेपणानं बोलता यावं म्हणून. डिसेंबर २०२४ मध्ये बीबीसी रेडिओवर ते म्हणाले, की पुढच्या तीस वर्षांत यातून माणसाचा अंत होण्याची शक्यता दहा ते वीस टक्के धरावी. लकून हे एकेकाळी टोरांटोत त्यांच्याच हाताखाली काम करून गेलेले, पण ते उघड म्हणतात की ही भीती अवाजवी आहे. गुरुशिष्यांचं पुन्हा जुंपलंच, फक्त आता हिंटन गुरूच्या जागी आहेत. मला यातलं शास्त्र कळत नाही, त्यामुळे निवाडा करत नाही. एवढंच नोंदवते, की आयुष्यभर ज्याला 'हे काही चालणार नाही' असं ऐकावं लागलं, तो आता 'फारच चालतंय' म्हणून रात्री जागतो आहे.

८ ऑक्टोबर २०२४ ला भौतिकशास्त्राचं नोबेल हॉपफील्ड आणि हिंटन यांना जाहीर झालं. मानसशास्त्राचा पदवीधर, भौतिकशास्त्र मधेच सोडलेला, आणि नोबेल मिळालं त्यातच! फोन आला तेव्हा स्वारी कॅलिफोर्नियातल्या एका स्वस्त हॉटेलात होती. त्या दिवशी त्यांना एमआरआय करून घ्यायचा होता. तो रद्द करावा लागणार, असं त्यांनी स्वीडनवाल्यांनाच सांगून टाकलं.

लेख फार लांबला. खापरपणजी मेरीबाईंचं राहूनच गेलं. पुठ्ठ्याला भोकं पाडून रंगीत दोऱ्यानं टाके घालत त्या लहान मुलांना वक्ररेषा शिकवायच्या, आणि १९०१ साली त्यांनी जगदीशचंद्र बोसांना उद्देशून भारतीय विचारांवर एक लांबलचक पत्रही लिहिलं होतं. त्या बाईंवर पुढच्या वेळी लिहीन. तोवर भाच्यानं कळवावं, की त्याच्या आजोबांच्या मावसभावाला तो काय म्हणतो!